‘चालणारं झाड’ चालत नाही

दक्षिण अमेरिकेतल्या वर्षावनात एक झाड उन्हाच्या शोधात वर्षाला 20 मीटर चालतं, असा मेसेज सध्या फोटोसह फिरतोय. हे खरं नाही.

फोटोतलं झाड खरं आहे: सॉक्रेटिया वंशातला, सॉक्रेटिया एक्झोरायझा नावाचा ताड. बुंधा जमिनीपासून वर उचललेला आणि खाली काटेरी आधारमुळांचा शंकू. ही मुळं इतकी खरखरीत की तिथले आदिवासी त्यांची किसणी करतात! बाजूने नवी मुळं फुटतात, जुनी कुजून गळतात. त्यातूनच चालण्याची कल्पना निघाली असावी. 1980 मध्ये दोन संशोधकांनी एवढंच मांडलं होतं, की फांदी पडून आडवं झालेलं रोप नव्या मुळांवर दुसरीकडे उभं राहू शकतं. मोठं झाड फिरतं, असं नव्हे. पुढे कोस्टा रिकातले जीवशास्त्रज्ञ गेरार्डो अवालोस यांनी या मुळांचा अभ्यास केला. 2005 मध्ये तो प्रसिद्ध झाला. मुळं बदलली तरी खोड जागचं हलत नाही, असं ते स्पष्ट सांगतात.

अशी आधारमुळं आपल्या कोकणातल्या खाडीत कांदळालाही असतात. तोही कुठे जात नाही. मेसेज आला तर कृपया पुढे पाठवू नका.