फोन आपला, गेम कुणाचे?

आईच्या फोनवर पुतणीच्या बारशाचा व्हिडिओ काढत होतो. पाळणा हलला, ताई 'कुर्र' करायला बाळाच्या कानाशी वाकली आणि रेकॉर्डिंग बंद! का? म्हणे जागा संपली. आणि आत फुगे फोडायचा गेम, गोळ्या जुळवायचा गेम, गाड्या पळवायचा गेम, सगळे ऐसपैस बसलेले. आईने आजवर एकही उघडलेला नाही!

३२ जीबी सांगून फोन विकायचा, त्यातला मोठा घास सिस्टिमच गिळणार, उरलेल्यात कंपनीने आधीच घालून दिलेली ही न मागितलेली भरताड. आयकॉन दाबून धरला तर काहींना 'अनइन्स्टॉल' आहे, काहींना नुसतं 'डिसेबल'. म्हणजे काय? डोळ्यांसमोरून गेला, पण मूळ फाइल सिस्टिमच्या भागात ठाण मांडून तशीच! बरं, जे काढले ते तरी गेले का? सिस्टिम अपडेट झाली की नवे हजर. मागच्या वेळी चार काढले, या वेळी पाच आले. कुणी विचारलं होतं आम्हाला? सत्तरीच्या बाईने दर वेळी सेटिंगमध्ये शिरून हा केर काढत बसायचं?

ताईने कानात नाव सांगितलं ते व्हिडिओत नाहीच. फुगे मात्र अजून तिथेच आहेत.