प्रत्यक्षदर्शी व्हायचंय? सोप्पंय!

मारहाणीच्या केसमध्ये चुलतभावाला शिक्षा लागलीये, परवा त्याच्या अपिलाची तारीख होती. सेशन कोर्टाच्या बाकावर बसून पेपरबुक, म्हणजे केसच्या कागदांचा गठ्ठा, चाळत होतो, तेव्हा समजलं की प्रत्यक्षदर्शी साक्षीदार व्हायला घटना बघावीच लागते असं काही नाही. म्हटलं होतकरू मंडळींना जरा मार्गदर्शन करावं. फी नाही.

जागेवर हजर असायची घाई करू नका. दुसऱ्या दिवशी टपरीवर ऐकलंत तरी भागतं. पोलिसांकडच्या जबाबात 'मी समक्ष पाहिले' आलं की झालं.

रात्र होती? बॅटरीचा उजेड म्हणा. आमच्या केसमधली बॅटरी पंचनाम्यात नाही, जप्त नाही, तरी तिच्या उजेडात दीडशे फुटांवरून चेहरे दिसले.

जबाब स्वतः द्यायचा त्रास घेऊ नका. एकाचा टाईप झाला की बाकीच्यांचं नाव, वय, धंदा बदलायचा, बस. आमच्याकडे चार जबाब आहेत आणि चारहीत 'कुराडीच्या दांड्याने' असंच लिहिलंय, चारहीत तिसऱ्या ओळीला 'सदर सदर वेळी' असं दोनदा पडलंय. एक ड्रायव्हर, एक किराणावाला, एक रिटायर मास्तर आणि एक आमच्याच भावकीतले काका, आणि चौघंही एकाच शब्दाला अडखळले! वर शेवटी 'माझे सांगणेप्रमाणे टंकलिखित केला असून तो बरोबर व खरा आहे'. अहो मास्तर, निदान तुम्ही तरी शुद्धलेखन तपासायचं. सरकारी वकील म्हणाले, सुप्रीम कोर्टाने १९८३ सालीच भरवाडा भोगिनभाईच्या केसमध्ये सांगितलंय की माणसाची आठवण म्हणजे व्हिडिओ टेप नव्हे, थोडं इकडेतिकडे होणारच. मान्य साहेब, पण मग जबाबात चौघांची टेप एकच कशी वाजते? आणि साक्षीला उभे राहिल्यावर एकाने दांड्याची काठी केली, एकाने गज केला, मास्तरांनी जखम डोक्यावर नेली आणि डॉक्टरांच्या सर्टिफिकेटात ती डाव्या दंडावर. खालच्या कोर्टाने काय लिहिलं माहितीये? 'किरकोळ विसंगती'.

समोरचा वकील आमच्यासारखा मिळाला तर सोन्याहून पिवळं. जबाब आणि साक्षीतला फरक त्याने साक्षीदारांना विचारला, पण तोच भाग तपासी अंमलदाराकडून शाबीत करून घ्यायचा राहिला. आता अपिलात विचारतात, पोर्शन मार्क, म्हणजे जबाबातला तो भाग शाबीत झाल्याची खूण, कुठाय? नाहीये. म्हणजे फरक आंधळ्यालाही दिसतो पण रेकॉर्डवर नाही, आणि चारही जबाबांतल्या त्या एकाच 'कुराडी'कडे तर कोर्ट बघणारसुद्धा नाही. सात वर्षं चकरा मारल्यावर हे मला आत्ता कळतंय.

एकटे जाऊ नका, चार जण न्या. तसं १८७२ च्या जुन्या पुरावा कायद्यात कलम १३४ मध्ये लिहिलं होतं की साक्षीदारांचा ठराविक आकडा लागत नाही, वडिवेलू थेवरच्या केसमध्ये १९५७ साली सुप्रीम कोर्टानेही सांगितलं की संख्या नाही, वजन बघा, नव्या कायद्यातही तेच आहे. असू दे. चार म्हणजे चार.

आणि उलटतपासाला कशाला घाबरताय? वकील विचारेल ते सगळं 'खरे नाही' म्हणायचं, पाणी प्यायचं, घरी यायचं.

जाऊ दे, आता सरळच बोलतो. भाऊ माझा काही संत नाही. बांधावरून शिवीगाळ केली असेल, ढकललंही असेल, त्याचं जे व्हायचं ते होऊ दे. पण दांडा? आणि काका, तुम्ही पोहोचलात तेव्हा फिर्यादीला जीपमध्ये घातलं होतं, हे पारावर तुम्हीच मला सांगितलंत ना? मग कोर्टात शपथ घेऊन 'पहिला फटका मी पाहिला' म्हणताना जीभ कशी रेटली? 'मला माहीत नाही' एवढं बोलायला तोंड दुखत होतं? एक वर्षाची शिक्षा लागलीये त्याला. पोरगी दहावीला आहे, रान पडीक पडलंय, वहिनी माहेरी हात पसरतेय. तुमचं जुनं उट्टं निघालं, बरं वाटलं असेल. आणि परवा गेटवर गाठून मलाच विचारता, "काय म्हणतंय रे अपील?" लाज नाही वाटत?

तुम्हीच सांगा की काका. तुम्हाला अंधारात दीडशे फुटांवरचं दिसतं.