'किरकोळ भांडण' म्हणणाऱ्या जुन्या सभासदांना उत्तर

नमस्कार साहेब,

तुम्ही नाव दिलेलं नाही, नुसतं 'एक जुना सभासद' लिहिलंय, तरी मी साहेबच म्हणतो. इथल्या एका सोसायटीच्या जुन्या कमिटीने हायकोर्टात लिहून दिलं की दप्तर, म्हणजे सोसायटीचे सगळे कागद आणि रजिस्टरं, प्रशासकाच्या ताब्यात देतो, मग दिलंच नाही, म्हणून सभासदांनी अवमान (कंटेम्प्ट) याचिका टाकली, त्यावर माझा लेख होता. त्यावर तुम्ही लिहिलंत, "अर्धवट माहितीवर लेख पाडू नका. रजिस्ट्रारची ऑर्डर मोडली तर कंटेम्प्ट होत नाही. सोसायटीच्या किरकोळ भांडणासाठी हायकोर्टाचा वेळ खायचा आणि शिक्षा काय, तर दोन हजार दंड."

आधी 'लेख पाडू नका'बद्दल. असं घरातल्या पोराला तरी बोलता का हो तुम्ही? मी कोपरखैरण्याच्या सोसायटीत खजिनदार होतो, ऑडिटरसमोर व्हाउचर घेऊन बसलोय, बेलापूरला कोकण भवनात सुनावणीसाठी ताटकळत उभा राहिलोय. वडील पतपेढीत नोकरीला होते, सहकाराचा कायदा घरात जेवताना ऐकलाय. तुम्ही किती सुनावण्यांना हजर होतात ते सांगा, मग माझी माहिती अर्धवट की पूर्ण ते बघू.

रजिस्ट्रारचा मुद्दा बरोबर आहे, मान्य. उपनिबंधक, म्हणजे डेप्युटी रजिस्ट्रार, हे कोर्ट नाही, त्यांची नुसती ऑर्डर मोडली तर रस्ता वेगळा, सहकार कायद्याच्या कलम ८० खाली दप्तर जप्त करता येतं. पण इथे शब्द हायकोर्टाला दिला होता. कोर्टाच्या अवमानाच्या १९७१ च्या कायद्यात कलम २ मध्ये सरळ लिहिलंय की कोर्टाला दिलेली हमी जाणूनबुजून मोडली तर तो दिवाणी अवमान. हे लेखात होतं, तुम्ही तिथपर्यंत वाचलंच नाही.

आता 'किरकोळ भांडण'. साहेब, या दोन शब्दांनी मला झोप लागली नाही. दप्तर नाही म्हणजे काय होतं ते बघा. प्रशासक आले, ऑफिसचं गोदरेजचं कपाट उघडलं तर आत पाण्याच्या बिलांची एक फाइल आणि गणपतीच्या मखराचा थर्माकोल, बाकी काही नाही. मिनिट बुक नाही, चेकबुक नाही, शेअर सर्टिफिकेटची पुस्तकं नाहीत. बँक म्हणते जुन्या ठरावाचे कागद आणा मग सह्या बदलतो, ते कागद जुन्या सेक्रेटरींच्या घरी. तोपर्यंत पंपाच्या मीटरचं महावितरणचं बिल थकलं, वॉचमनचा पगार सभासदांनी खिशातून वर्गणी काढून दिला, आणि त्यात पेन्शनवर जगणाऱ्या एक आजी पण होत्या. त्यांना जाऊन सांगा हे किरकोळ आहे म्हणून.

आणि खरा खेळ पुढेच आहे. सभासद कोण हे 'आय' रजिस्टरवरून ठरतं, 'जे' फॉर्मची सभासदांची यादी त्यावरूनच निघते, आणि निवडणुकीला मतदार कोण हे पण शेवटी त्याच कागदांवर येऊन थांबतं. आता नवी मुंबईत जुन्या बिल्डिंगी रिडेव्हलपमेंटला निघाल्यात, ४ जुलै २०१९ च्या शासन निर्णयाप्रमाणे एकूण सभासदांपैकी ५१ टक्के संमती लागते. मग सभासदांचं रजिस्टर ज्याच्या कपाटात, बिल्डर कोण हे तोच ठरवणार ना? रजिस्टर दाबून ठेवणं म्हणजे सोसायटी दाबून ठेवणं, निवडणूक हरलात, प्रशासक आला, काही फरक पडत नाही. म्हणून हमी मोडणं मला चोरीपेक्षा वाईट वाटतं, कारण जज्जसाहेबांनी जुन्या कमिटीच्या शब्दावर विश्वास ठेवून कडक ऑर्डर केली नव्हती.

दंडाचं म्हणाल तर त्याच अवमान कायद्याचं कलम १२ अर्धंच वाचलंत. सहा महिन्यांपर्यंत साधी कैद किंवा दोन हजारांपर्यंत दंड किंवा दोन्ही, असं आहे ते. माफीने सुटता येतं, पण कोर्टाचं समाधान झालं तर. अहो, माणसं दोन हजाराला नाही घाबरत, कोर्टात समोर उभं राहून 'का नाही दिलं' याचं उत्तर द्यावं लागतं त्याला घाबरतात.

अपील केलंय म्हणता, तर अपील म्हणजे स्टे नव्हे. वाट बघायला सांगता, तर अवमानाची कारवाई सुरू करायची कलम २० ची एक वर्षाची मुदत सभासदांची वाट बघत नाही. बाकी मी कोणत्या गटाचा वगैरे तुम्ही लिहिलंय, त्याला उत्तर देत नाही.

एकच विचारतो. प्रतिक्रियेच्या शेवटी तुम्ही लिहिलंय, "दप्तर सुरक्षित आहे, उगाच बोंब मारू नका." ते सुरक्षित आहे हे तुम्हाला कसं माहीत? माहीत असेल तर कुठे आहे ते प्रशासकांना लेखी कळवा आणि पोच घ्या. तुमची प्रतिक्रिया मी काढून टाकणार नाही, पुढच्या तारखेला सभासदांच्या वकिलांना दाखवायला देणार आहे.