जागा आहे, पण गेम चालेना

बंड्यानं ४ टीबीची एक्स्टर्नल हार्ड डिस्क घेतली, पीएस ५ ला (सोनीच्या गेम खेळायच्या यंत्राला, म्हणजे कन्सोलला) जोडली, फॉरमॅट केली, अर्धे गेम तिच्यावर हलवले आणि खेळायला बसला. पडद्यावर सूचना आली: हा गेम आधी कन्सोलच्या स्टोरेजवर आणा, मग खेळा. कट्ट्यावर येताना तो ही सूचना तोंडपाठ करूनच आला होता.

"म्हणजे जागा करायला डिस्क घ्यायची, आणि खेळायला परत जागा करायची. मग ही डिस्क काय पुजत बसू?"

मास्तर म्हणाला, "खोक्यावर काय लिहिलं होतं?" (मास्तर कुठंही शिकवत नाही. समजावायला लागला की थांबत नाही, एवढ्यावरून ते नाव पडलंय.)

"पीएस ५ ला चालते, असं चक्क ठळक अक्षरात."

"मग बरोबरच आहे. डिस्क चालते. गेम चालत नाही."

यावर बंड्यानं जे म्हटलं ते लिहिण्यासारखं नाही.

खरं तर बंड्याचा समज अगदीच हवेतून आलेला नव्हता. एक्सबॉक्स वनला (मायक्रोसॉफ्टच्या जुन्या कन्सोलला) २०१४ पासून बाहेरची डिस्क जोडता येते, पीएस ४ ला मार्च २०१७ च्या अपडेटपासून. तेव्हा कुठलीही बरी यूएसबी ३ ची डिस्क लावायची, गेम तिच्यावर टाकायचा आणि तिथूनच खेळायचा. सगळ्यांना तीच सवय लागली. त्या कन्सोलच्या पोटातही साधीच हार्ड डिस्क होती, त्यामुळे आतलं काय आणि बाहेरचं काय, फरक पडत नव्हता. २०२० च्या नोव्हेंबरात नवे कन्सोल (पीएस ५ आणि एक्सबॉक्स सीरीज एक्स, सीरीज एस) आले आणि हे समीकरण मोडलं. बाहेरून मात्र काहीच बदललं नाही. पोर्ट तेच, केबल तीच.

"पण का?" बंड्या हटायला तयार नव्हता. "जागा ती जागा. फाइल इथून वाच नाहीतर तिथून वाच."

मास्तरला हेच हवं होतं. "तुझी डिस्क सेकंदाला किती वाचते? शंभर-सव्वाशे एमबी. पीएस ५ ची आतली एसएसडी, म्हणजे फिरती तबकडी नसलेली, चिपवरची साठवण, सेकंदाला साडेपाच जीबी. म्हणजे ढोबळ हिशेबानं पन्नास पट. कन्सोलची मेमरी १६ जीबी. ती आतल्या एसएसडीवरून तीन सेकंदांत भरेल. तुझ्या डिस्कवरून भरायला अडीच मिनिटं लागतील, आणि तेही सगळा माल एका ओळीत लावून ठेवलेला असेल तर. गेमचा माल कधी ओळीत नसतो. डिस्कचं हेड इकडून तिकडे नाचत बसतं."

"मग अडीच मिनिटं थांबेन की. आधी थांबायचोच ना?"

"सुरुवातीला थांबशील रे. मधेच काय करशील? जुन्या गेममध्ये लिफ्ट असायची आठवतं? आत शिरायचं, दार बंद, वर चाललोय वर चाललोय, आणि दोघं उगाच गप्पा मारतायत. किंवा दोन खडकांच्या फटीतून हीरो अंग चोरून इंचाइंचानं सरकतोय. तो सगळा वेळ डिस्क पुढचा भाग वाचत असायची. आता गेम बनवणारा म्हणतो, मला लिफ्ट नको. तू मान वळवलीस की मागचं पडद्याबाहेर गेलेलं टाकून देतो आणि समोरचं त्याच क्षणी आणतो. तिथं तुझी डिस्क बसवली तर तुझा हीरो रस्ता उमटायची वाट बघत उभा राहील."

लिफ्टचा मुद्दा मला पटला. गेममधल्या त्या फटी आठवल्या की अजून खांदे आखडतात.

बंड्यानं मग दुसरी बाजू धरली. "बरं, हार्ड डिस्क मंद. मग एक्स्टर्नल एसएसडी घेतो. ती तर फास्ट असते."

"तीसुद्धा नाही चालणार," छोट्या म्हणाला. छोट्याकडे एक्सबॉक्स सीरीज एस आहे, आणि या विषयात त्याला बंड्यापेक्षा जास्त सोसावं लागलंय. "यूएसबीचा दरवाजाच अरुंद आहे. ५ गिगाबिटचं पोर्ट म्हणजे कागदावर सव्वासहाशे एमबी, हातात येतात चारशेच्या आसपास. १० गिगाबिट धरलं तरी कागदावरच सव्वा जीबी. आणि कन्सोल तुझा स्पीड मोजत बसत नाही. यूएसबीवर आहे म्हटल्यावर नाही म्हणजे नाही."

"तुमच्याकडे पण हेच?"

"थोड्याफार फरकानं हेच. एक्सबॉक्स वनचे, ३६० चे, पहिल्या एक्सबॉक्सचे जे गेम चालतात ते यूएसबीवरून खुशाल खेळ. सीरीजसाठी खास बनवलेले मात्र आतच हवेत, नाहीतर मागच्या खाचेत बसणाऱ्या खास एसएसडी कार्डावर. आणि माझ्या मशीनमध्ये ५१२ जीबी लिहिलेत, हाताला लागतात ३६४. तीन मोठे गेम टाकले की संपलं."

या "लिहिलेत किती, मिळाले किती" वर सगळ्यांनीच हात धुऊन घेतले. पहिल्या पीएस ५ वर ८२५ लिहिलेलं, वापरायला ६६७. सीरीज एक्सवर एक टीबी, वापरायला ८०२. काही जागा सिस्टिम खाते, काही मोजायच्या पद्धतीत जाते, कारण बनवणारा हजाराच्या पटीत मोजतो आणि मशीन बऱ्याचदा १०२४ च्या. मास्तर त्याचा पूर्ण हिशेब मांडायला लागला होता, आम्ही त्याला गप्प केलं.

ठकी इतका वेळ ऐकत होती. तिनं एकच प्रश्न विचारला. "बंड्या, तुझ्याकडे पीएस ४ चे गेम किती आहेत?"

"असतील की. निम्मे तरी. का?"

"ते कुठे ठेवलेस?"

"आत. डिस्कवर मोठे मोठे टाकले ना, पीएस ५ चे."

ठकीनं कपाळावर हात मारला. "उलटं केलंस. पीएस ४ चे गेम बाहेरच्या डिस्कवरून सरळ चालतात, पीएस ५ वरसुद्धा. ते बाहेर काढ, पीएस ५ वाले आत घे. माळा आणि ओटा यातला फरक कळतो ना? रोजचं भांडं माळ्यावर टाकलंस आणि दिवाळीची परात ओट्यावर ठेवलीस."

माझ्या मते चर्चा इथंच संपायला हरकत नव्हती, पण कट्ट्यावर असं काही संपत नाही. बंड्याचा अहंकार दुखावला होता आणि त्याला कुणावर तरी उलटायचं होतं. तो छोट्यावर घसरला.

"तुमचं ते कार्ड तरी काय मोठं! त्या खाचेत दुसरं काही बसतच नाही. सुरुवातीला तर एकच कंपनी बनवायची, दुसरी आली २०२३ ला. पर्यायच नाही म्हटल्यावर मागतील ती किंमत मोजायची."

"नसू दे पर्याय. खाचेत घातलं की झालं. स्क्रू नाही, स्क्रूड्रायव्हर नाही. आतल्या एसएसडीइतकाच वेग. उद्या काढून तुझ्याकडे आणलं, तुझ्याकडे एक्सबॉक्स असता तर माझ्या अकाउंटवरून तिथं लगेच खेळलो असतो. तुला काय करावं लागतं ते सांग."

"एम डॉट टू टाकायची, म्हणजे आत बसणारी पट्टीसारखी एसएसडी. बाजारात डझनभर कंपन्यांच्या मिळतात."

"टाकायची कशी ते सांग."

मग मास्तरनं सांगितलं, कारण त्यानं हे काम स्वतः केलंय. पीएस ५ ची बाजूची झाकणी सरकवून काढायची. आत एक लांबट पत्रा एका स्क्रूवर बसवलेला असतो. तो काढला की खाच दिसते आणि तिच्या पुढे ओळीनं भोकं: ३०, ४२, ६०, ८०, ११०. हे आकडे म्हणजे एसएसडीची लांबी. बहुतेकांची असते ८०. त्या भोकावर आधी एक बारीक कडी ठेवायची, मग एसएसडी तिरपी धरून खाचेत सरकवायची, आडवी दाबायची आणि स्क्रू लावायचा. ती कडी आधी दुसऱ्याच भोकात बसवलेली असते, आणि तिचा आकार असा की एकदा हातातून निसटली की गुडघ्यावर बसून शोधत बसा.

"आणि हीटसिंक, म्हणजे उष्णता खेचणारा धातूचा तुकडा, विसरू नको," तो पुढे म्हणाला. "ते नसेल तर एसएसडी तापते आणि वेग खाली येतो. पण जाडही नको. एसएसडी, हीटसिंक सगळं धरून उंची सव्वाअकरा मिलिमीटरच्या आत हवी, नाहीतर तो पत्रा परत बसत नाही. वेग साडेपाच हजार एमबी किंवा जास्त असावा असं ते सांगतात. पीसीआयई जेन फोर, म्हणजे त्या जोडणीची चौथी पिढी हवी, जेन थ्री घेऊन आलास तर चालत नाही. आकार २५० जीबीपासून. आधी ४ टीबीपर्यंतच चालायची, २०२३ च्या अपडेटनंतर ८ पर्यंत."

"ही खाच पहिल्यापासून होती?" मी विचारलं.

"होती, पण बंद. सप्टेंबर २०२१ च्या अपडेटनं सगळ्यांना उघडून दिली. तोवर लोक झाकणी काढून नुसतेच बघायचे."

आता खरं भांडण सुरू झालं, कारण ठकीचं म्हणणं या दोघांच्याही पलीकडचं निघालं. तिच्या मते काहीच घ्यायची गरज नाही. डिलीट करा. "तुम्ही सगळे साठेबाज आहात. पंधरा गेम टाकून ठेवता, खेळता दोन. गेम काढला म्हणून तुमची प्रगती जात नाही. सेव्ह, म्हणजे कुठवर खेळलात त्याची नोंद, वेगळं असतं. एक्सबॉक्सवर ते क्लाउडवर जातं, पीएस ५ वर गेम काढला तरी सेव्ह मशीनमध्ये राहतं. हवा तेव्हा परत उतरवून घ्या."

"परत उतरवायला किती वेळ लागतो माहितेय?" बंड्या.

"तुझं नेट किती?"

"चाळीस एमबीपीएस."

मास्तरनं बोटांवर हिशेब केला. १०० जीबीचा गेम चाळीसच्या नेटवर साडेपाच तास. शंभरच्या नेटवर सव्वादोन. तीनशेच्या नेटवर पाऊण तास. आणि तोच गेम बंड्याच्या हार्ड डिस्कवरून आत कॉपी करायचा तर पंधरा-सतरा मिनिटं. यूएसबीच्या एसएसडीवरून चार-पाच.

"बघ!" बंड्या उसळला. "पंधरा मिनिटं कुठं आणि साडेपाच तास कुठं!"

"आणि त्यावर अपडेट," ठकी म्हणाली. "तुझा पीएस ५ चा गेम बाहेरच्या डिस्कवर झोपलेला असताना अपडेट होत नाही. दोन महिन्यांनी आत आणलास की मधले सगळे अपडेट तेव्हा उतरणार. कधी कधी तेच वीस-तीस जीबी असतात."

यावर माझं मत विचाराल तर बंड्याचं पारडं जड आहे. तीनशेचं नेट आणि डेटाला मर्यादा नाही, अशा माणसानं डिलीट म्हणणं सोपं. नेट मंद असेल किंवा महिन्याचा डेटा मोजून मिळत असेल तर बाहेरची डिस्क ही चैन राहत नाही. पण ठकीच्या बोलण्यातला एक भाग मी लगेच उचलला: पूर्ण गेम काढायची गरज नसते. 'कॉल ऑफ ड्यूटी'सारख्या गेममध्ये कॅम्पेन, म्हणजे एकट्यानं खेळायची गोष्ट, वेगळी काढता येते. ती संपवून झाली असेल आणि फक्त ऑनलाइन खेळत असाल तर ते ओझं कशाला वागवायचं? बंड्याला हे माहीतच नव्हतं. तो लगेच फोन काढून कुठून करायचं ते बघायला लागला.

"मी तर डिस्कवाला, म्हणजे चकतीवरचा गेम घेतो," छोट्या मधेच म्हणाला, "म्हणजे जागा लागत नाही."

"तुझ्या मशीनला डिस्कची फटच नाही, लेका."

"घेतला असता तर म्हणतोय."

घेतला असता तरी उपयोग नव्हता. आताच्या कन्सोलवर डिस्कवरचा गेम पूर्णच्या पूर्ण आत उतरतो, आणि पुढे डिस्क फक्त चावीचं काम करते. त्या ऑप्टिकल ड्राइव्हचा वेग तर हार्ड डिस्कपेक्षाही कमी.

माझ्याकडे निन्टेन्डोचा स्विच कन्सोल आहे, म्हणून मलाही ओढलं गेलं. स्विचचं दुखणं निराळं. पहिल्या स्विचमध्ये ३२ जीबी, पण साधं मायक्रोएसडी कार्ड घातलं की काम व्हायचं. २०२५ च्या जूनमध्ये स्विच २ आला, आत २५६ जीबी, पण गेमसाठी मायक्रोएसडी एक्स्प्रेस हे जास्त वेगाचं कार्डच लागतं. दिसायला जवळपास तसंच. जुनं कार्ड घातलं तर त्यावरचे फोटो-व्हिडिओ तेवढे आत घेता येतात. बंड्याला हे ऐकून बरं वाटलं. आपण एकटेच नाही, एवढं समाधान माणसाला पुरतं.

कार्डावरून मास्तरनं एक गोष्ट बजावली, ती मात्र कुणी हसण्यावारी नेली नाही. ऑनलाइन "१६ टीबी एसएसडी" म्हणून काडेपेटीएवढी वस्तू मातीमोल दरात दिसते, ती हमखास बनावट. आत एखादं लहान मेमरी कार्ड असतं आणि त्यातली नियंत्रण करणारी चिप मशीनला खोटा आकडा सांगते. भरत राहिलात की नवं लिहिताना जुनं पुसलं जातं, आणि गेम उघडायला गेल्याशिवाय कळत नाही. नवीन ड्राइव्ह आली की कन्सोलला लावण्याआधी संगणकावर 'एच२टेस्टडब्ल्यू' किंवा 'एफ३' हे तपासणीचं सॉफ्टवेअर चालवून ती पूर्ण भरून तपासायची.

तोवर बंड्याचा बेत ठरत आला होता. पीएस ४ चे सगळे गेम डिस्कवर, तिथूनच खेळायचे. पीएस ५ चे चालू असलेले आत. संपवलेले पण परत खेळावेसे वाटतील असे मोठे तेवढे डिस्कवर. एम डॉट टू नंतर बघू.

"आणि डिस्क यूएसबी हबवर, म्हणजे एका पोर्टाचे चार करणाऱ्या डबीवर, लावू नकोस," मास्तर म्हणाला. "सरळ कन्सोलच्या पोर्टला. पीएस ५ हबवरची घेत नाही."

"आणि कन्सोल रेस्ट मोडमध्ये, म्हणजे अर्धवट झोपेत, असताना केबल उपटू नकोस," ठकी म्हणाली. "आधी सेटिंगमधून बंद कर. नाहीतर पुढच्या वेळी ड्राइव्ह दुरुस्त करतोय म्हणून बसवून ठेवेल."

बंड्या फोनमधून मान वर करून म्हणाला, "डिस्क आत्ता लावलेलीच आहे. हबला."