निकोचं हसू खोटं की खरं?

काल कट्ट्यावर पक्याने विषय काढला, म्हणे ॲनिमेमधल्या त्या सारख्या उड्या मारणाऱ्या, हसऱ्या आयडॉल पोरी, म्हणजे गाऊन-नाचून चाहत्यांना खूश ठेवणाऱ्या जपानी पॉप-स्टार, डोकं उठवतात, आणि एका एपिसोडात रडका फ्लॅशबॅक चिकटवला की लगेच सगळे म्हणतात काय डेप्थ आहे! उदाहरण दिलं ते नेमकं शाळकरी आयडॉल पोरींवरच्या 'लव्ह लाइव्ह' ॲनिमेतल्या निको याझावाचं. मग मी कसला गप्प बसतोय.

म्हटलं, 2013 चा पहिला सीझन आठव. शाळेत पहिल्याच वर्षी तिने आयडॉल क्लब काढला, बाकीच्यांना तिच्या अपेक्षा झेपेनात, एकेक करून सोडून गेल्या, आणि ही तिसऱ्या वर्षापर्यंत त्या खोलीत डीव्हीडी नि पोस्टरांच्या गराड्यात एकटी. यात रडारड कुठेय?

मनी म्हणाली, मग 'सिंड्रेला गर्ल्स'मधली उझुकी जास्त खरी. तेही आयडॉल पोरींचंच, 2015 चं ॲनिमे. कायम हसणार, कायम "गाम्बारिमास" (मी जीव लावून करेन) म्हणणार, आणि तिच्या ग्रुपातल्या रिन नि मिओ पुढे निघाल्यावर हिला वाटायला लागतं की हसणं तर कुणालाही जमतं, मग माझ्याकडे काय आहे? पार्कमध्ये त्या दोघींसमोर फुटते ना... तो सीन मलाही जड जातो, मान्य.

पण उझुकीला आपण का हसतो तेच सापडत नसतं. निकोला ते पक्कं ठाऊक असतं. "निको निको नी" हे तिचं ठरलेलं पालुपद करताना आवाज वर चढतो, चिडली की धाडकन खाली, तिला आवाज देणाऱ्या सोरा तोकुईने तो फरक लपवलेलाच नाही. समोरच्याला हसवायचं हे काम आहे, आपला मूड असो नसो.

"आणि भावंडांना फसवलं ते?" पक्या.

फसवलंच. आयडॉल झाले म्हणून घरी सांगितलं, पोरं खूश झाली, मग क्लब मोडला ते सांगायची हिंमतच झाली नाही. नंतर शाळेतल्या म्यूज या नऊजणींच्या आयडॉल ग्रुपात आली तरी घरी बाकीच्या आठजणी तिच्या बॅकडान्सर! पोस्टरवर मधोमध स्वतःचा चेहरा लावलेला. बघताना हसू येतं आणि पुढच्याच क्षणी पोटात कालवतं.

"खोटं ते खोटंच."

हो रे, म्हणून तर त्या आठजणी शाळेच्या गच्चीवर तिच्या एकटीसाठी स्टेज उभारतात, आणि ती भावंडांना समोर बसवून सांगते, यापुढे मी नऊजणींतली एक. खोटं तिथे संपलं, "निको निको नी" मात्र पुढेही चालूच.

पक्याने एपिसोड नंबर विचारला. दुसरा सीझन, चौथा.