चौदा इंजिशनां

अजून घशाखाली उतरलेलं नाही, म्हणून लिहितोय.

रविवारी बाहेर धो धो पाऊस, आत लेकीने लावलेला २००६ सालचा 'द शॅगी डॉग'. टिम ॲलन हा सरकारी वकील, त्याला तिबेटचा तीनशे वर्षांचा कुत्रा चावतो आणि बाप्याचा झिपरा कुत्रा होतो. माझ्या खुर्चीत शेजारची काकी. मी पाटावर.

"तीनशे वर्सांचो कुत्रो?" काकी म्हणाली. "मगे चावाक दात खंय रवले तेका?"

कुणाकडेच उत्तर नव्हतं.

"तेना येळेर पोटात चौदा इंजिशनां घेतली असती तर शेपटी फुटली नसती."

हल्ली ती दंडात देतात, चौदाही नसतात, असं मी सांगून पाहिलं.

"तुका कुत्रो चावलो काय कधी?"

"नाही."

"मगे गप रव." पडद्यावर वकील कान खाजवत होता. काकीला वेगळाच घोर. "रेशनकार्डार नाव रवतला काय आता तेचा?"

"आमच्या ह्यांचं तसंही खालीच आहे," बायको म्हणाली. खरंय. २०१३च्या अन्नसुरक्षा कायद्याने कार्डावर कुटुंबप्रमुख घरातली थोरली बाई. कायद्याबद्दल तक्रार नाही. पण कार्ड घेऊन रांगेत कोण उभं राहतं? सिलिंडर कोण उचलतं? पावसाआधी कौलं कोणी परतली? असो.

त्या वकिलाला निदान कुत्रा झाल्यावर घरच्यांच्या मनातलं ऐकू येतं. मला माणूस असतानाच आलं. लेक म्हणाली, "पपा कुत्रा झाले तर?" मी आशेने पाहिलं. बायको लसूण सोलता सोलता म्हणाली, "हाक मारल्यावर लगेच आले तरी असते."

सगळ्यात जोरात काकी हसली. ओसरीवरचा टायगरही शेपूट हलवत आत आला. त्याला सुक्या बांगड्याचं डोकं मिळालं. ३१ जुलैपर्यंत मासेमारी बंद, घरात मोजून चार बांगडे, आणि माझ्या पानात शेपटीकडचा तुकडा!

वकील परत माणूस होणार एवढ्यात लाईट गेली. पुढे काय झालं, हे कुणी विचारलंही नाही. झाला तसा बरा, असंच बहुतेक.

काकी उठली. रिकाम्या खुर्चीत टायगर चढला.

"झिला, माका घरापर्यंत सोड. भायर कुत्रे आसत."

"अहो," बायकोने हाक मारली.

मी बॅटरी घेऊन पावसात उतरलो. टायगर जागचा हलला नाही.