‘मागे गाडी ठेवून कसली सायकल सहल?’ : एका प्रतिक्रियेला उत्तर

नमस्कार,

दक्षिण चीनमधल्या ग्वांगशीतल्या सायकल सहलीवरच्या माझ्या लेखाखाली ‘जुना सायकलवाला’ अशी सही करून तुम्ही लिहिलेली प्रतिक्रिया मी तीन-चारदा वाचली. ज्यांच्या नजरेतून ती सुटली असेल त्यांच्यासाठी तुमचं म्हणणं थोडक्यात सांगते. सामान वाहायला मागे गाडी, वाट दाखवायला पुढे गाईड, रात्री हॉटेलची गादी, याला सायकल प्रवास म्हणत नाहीत. ती सायकलच्या सीटवर बसून केलेली पॅकेज टूर. डोंगरांच्या मधून गेलात आणि चढ लागला नाही, हे खोटं वाटतं. चीनने दाखवायला ठेवलेली गावं तेवढी तुम्ही पाहिलीत. आणि गलवाननंतर तिथे पैसे नेऊन ओतण्यापेक्षा तेवढ्यात अख्खी कोकण किनारपट्टी दोनदा झाली असती.

तुम्ही पुण्याहून कन्याकुमारीपर्यंत एकट्याने गेला आहात, पंक्चर स्वतः काढता, रात्री देवळात नाही तर शाळेच्या ओसरीवर पथारी टाकता. तेव्हा हे बोलायचा अधिकार तुम्हाला आहे, आणि ‘धन्यवाद, आपापलं मत’ असं म्हणून मोकळं होणं मला पटेना.

जिथे तुमचं खरं आहे, ते आधी. मी लेखात खर्च लिहिला नव्हता, तो लिहायला हवा होता. विमान आणि व्हिसा सोडून माणशी साधारण सव्वा लाख रुपये लागले. सहा दिवसांत आम्ही २३० किलोमीटर सायकल चालवली. तुमचं ते दोन दिवसांचं काम. लोंगजीची भातखाचरं बघायला आम्ही डोंगर गाडीतूनच चढलो, पायडल मारत नाही. आमच्यात ५२ ते ६७ वयाची सहा माणसं होती आणि तो घाट आमच्या गुडघ्यांना झेपला नसता.

आणखी एक गोष्ट लेखात राहिली. तिसऱ्या दिवशी आम्हाला चौदा किलोमीटर हमरस्त्यावरून जावं लागलं. सहल कंपनीच्या पत्रकात ‘शांत गावरस्ते’ असं छापलं होतं आणि इथे शेजारून खडी भरलेले ट्रक जात होते. मध्ये एक बोगदा होता, त्यात दिवे अंधुक. माझी मोठी नणंद बोगद्यातून बाहेर आली तेव्हा तिचे हात हँडलवर अक्षरशः गोठले होते, बोटं सोडवायला वेळ लागला. संध्याकाळी आमची गाईड फोनवर अर्धा तास ऑफिसशी भांडली आणि पुढचा रस्ता बदलून घेतला. त्या दिवसाबद्दल मी फक्त ‘जरा वर्दळ होती’ एवढंच लिहिलं. ते चुकलं. कुणी माझा लेख वाचून लहान मुलं घेऊन निघालं असतं तर?

पण मागची गाडी म्हणजे सायकल प्रवास नव्हे, हे मला मान्य नाही. कारण ती गाडी दिवसातला बहुतेक वेळ आमच्या मागे नसायचीच. यूलोंग नदीच्या काठाने जाणारी पायवाट हातगाडीएवढी रुंद आहे. एका बाजूला भात, दुसऱ्या बाजूला पाणी. चौथ्या दिवशी पावसाने त्या वाटेचा लाल चिखल झाला आणि आमच्यातल्या एकाची चेन तुटली. गाडी तिथून आठ किलोमीटरवर होती. गाईडने पाठपिशवीतून चेनची कडी काढायचं हत्यार काढलं, तुटलेली कडी काढून टाकली, चेन एका कडीने आखूड करून जोडली आणि ‘पुढचं आणि मागचं मोठं चक्र एकदम लावू नका’ म्हणून सांगितलं. तुम्हीही हेच केलं असतं.

डोंगरांच्या ऐन मधून जायचं आणि चढ मात्र नाही, हे तुम्हाला खोटं वाटलं, कारण आपला डोंगर म्हणजे सह्याद्री. काळा पत्थर, लाव्ह्याच्या थरावर थर, पायऱ्या पायऱ्यांनी चढणारा. तिथला डोंगर निराळा. तो चुनखडक, पस्तीस कोटी वर्षांहून जुना, आणि पाण्यात विरघळणारा. पावसाच्या किंचित आम्लधर्मी पाण्याने तो आतून-बाहेरून इतका खाल्ला, की मधला भाग सपाट होऊन गेला आणि उरले ते सुटे सुळके. ते जमिनीतून एकदम सरळ वर येतात, पायथ्याचा उतार जवळजवळ नाहीच. म्हणून भाताच्या सपाट शेतातून सायकल चालते आणि दोन्ही बाजूंना दोन-दोनशे मीटरचे कडे असतात. अशा विरघळून घडलेल्या चुनखडकाच्या प्रदेशाला कार्स्ट म्हणतात. ‘दक्षिण चीनचा कार्स्ट’ २००७ मध्ये जागतिक वारसा यादीत आला, ग्वेलिनचा हा भाग त्यात २०१४ मध्ये जोडला गेला. म्हातारी माणसंही जिथे सुळक्यांमधून सायकल चालवू शकतील, अशी जागा मला तरी दुसरी माहीत नाही.

आता गाईडचं. तुमच्यासारख्या एकट्याने फिरणाऱ्या माणसाला गाईड म्हणजे अडसर वाटतो हे मी समजू शकते. हम्पीत किंवा राजस्थानात मलाही तो नको असतो. पण हम्पीत मी मोडकं हिंदी, चार कानडी शब्द आणि खाणाखुणा यांवर निभावते. आम्ही फिरलो त्या यांगश्वो भागातल्या खेड्यात ते चालत नाही. फोनमधल्या अनुवादकाला पुस्तकी चिनी कळतं, तिथल्या आजीबाईंची बोली कळत नाही. चिनी नकाशे सरकारने ठरवलेल्या, मुद्दाम सरकवलेल्या निर्देशांकांवर चालतात. आपल्या जीपीएसवर नोंदवलेली वाट त्यांच्यावर टाकली, तर ती काहीशे मीटर बाजूला पडते आणि नदीकाठची पायवाट नदीच्या मध्यात दिसते. परदेशी माणसाची राहण्याच्या जागी पोलिसांकडे नोंद व्हावी लागते. हॉटेलवाले ते करतात; कुणाच्या घरी उतरलात तर चोवीस तासांच्या आत स्वतः करायची. शाळेच्या ओसरीवर पथारी टाकून झोपायची सोय तिथे नाही.

पण ही झाली अडचणींची यादी. गाईड मला हवी होती ती दुसऱ्याच कारणासाठी, आणि तुम्ही म्हणता त्या ‘दाखवायच्या गावां’चं उत्तरही त्यातच आहे.

दाखवायच्या जागा आहेत, नाही कशाला म्हणू? शिंगपिंग गावाजवळ वीस युआनच्या चिनी नोटेवरचं चित्र जिथून दिसतं, तिथे लोक हातात नोट धरून फोटो काढायला रांग लावतात. मासे धरायला शिकवलेले पाणकावळे घेऊन तराफ्यावर उभे असलेले म्हातारे कोळी आता मासे कमी धरतात, फोटोचे पैसे जास्त घेतात. ते आम्हीही पाहिलं आणि पुढे गेलो. तिथून तीन-चार किलोमीटर आत वळल्यावर रस्त्याच्या अर्ध्या भागावर भात वाळत घातलेलं होतं. नोव्हेंबरात दुसरं पीक घरात येतं. एक आजी लाकडी दाताळ्याने ते सारखं वरखाली करत होती. आम्ही उरलेल्या अर्ध्या रस्त्यावरून चाललो होतो तरी ती ओरडली. गाईड उतरली, बोलली, हसली. मग आम्हाला म्हणाली, ‘आजी विचारते आहे, एवढ्या लांबून आलात ते माझा भात तुडवायला का?’ माझं चाक खरंच कडेच्या दाण्यांवरून गेलं होतं. मी सायकल लावली, दाताळं मागितलं आणि दहा मिनिटं भात उलथला. दाताळ्याखाली दाणे सरकतात तेव्हा वाळूत पावलं ओढल्यासारखा आवाज येतो. वरचा थर उबदार असतो आणि खालचा अजून ओलसर, हाताला कळतं.

तेवढ्यात आजीच्या खिशातला फोन वाजला. तिची नात, सहा-सात वर्षांची, धावत आली आणि फोन घेऊन बसली. पडद्यावर तिची आई होती, ग्वांगतोंग प्रांतातल्या डोंगग्वानच्या एका कारखान्यात काम करणारी. आई-वडील दोघेही तिकडे, पोरगी आजीपाशी, आणि भेट वसंतोत्सवाला, म्हणजे त्यांच्या नवीन वर्षाला. गाईड म्हणाली, ‘या गावात अर्धी घरं अशीच आहेत. मीही अशीच वाढले.’ हे वाक्य मला एकटीने कितीही सायकल चालवली असती तरी ऐकायला मिळालं नसतं. माझ्या डोळ्यांपुढे राजापूरजवळचं माझं आजोळ आलं, गणपतीला चाकरमानी येईपर्यंत अर्धी घरं कडी लावलेली. तुम्ही कोकणाचं नाव काढलंत म्हणून लिहिते: दोन्हीकडे मागे राहिलेली माणसं मी पाहिली आहेत, आणि एक पाहायला दुसरं सोडावं लागलं असं मला वाटत नाही.

पाचव्या दिवशी गोंगछंगकडच्या रस्त्यावर एका घरी तेलचहा प्यायलो. लेखात मी त्याला एकच ओळ दिली होती, ती कमी पडली. चुलीवर तोटी असलेली छोटी लोखंडी कढई, त्यात भिजवलेली चहाची पानं, आलं, लसूण. इंग्रजी सातच्या आकड्यासारखं वाकडं लाकडी कुटणं घेऊन बाई ते कढईतच ठेचत होती, विस्तवावर, हात न थांबवता. आपण खलबत्त्यात आलं ठेचतो तोच आवाज, फक्त जड. मग तेलावर परतून वरून पाणी, मीठ, उकळी, आणि बांबूच्या गाळणीतून वाडग्यात. वर चुरमुरे, तळलेले शेंगदाणे, कांद्याची पात. आम्ही शाकाहारी आहोत हे गाईडने आधीच सांगितलं होतं, म्हणून डुकराच्या चरबीऐवजी शेंगदाण्याचं तेल आणि हाडांच्या रश्शाऐवजी साधं पाणी. त्या भागात साधी कोबीची भाजीही चरबीत परतली जाते, हे न विचारता कसं कळणार? तिथले लोक म्हणतात, पहिला वाडगा कडू, दुसरा तुरट, तिसरा-चौथा खरा चहा. माझा पहिला कडूच होता. तिसऱ्या वेळी मी स्वतःहून वाडगा पुढे केला आणि ती बाई मोठ्याने काही म्हणाली. गाईडने सांगितलं, ‘म्हणते, आता ही पाहुणी राहिली नाही.’

गाईड आम्हाला काय म्हणायची हेही सांगते. तिथे वयाने मोठ्या बाईला ‘आयी’ म्हणतात, म्हणजे मावशी. पहिल्या दिवशी तिने मागून ‘आयी, आयी’ अशी हाक मारली आणि मी गर्रकन वळले. माझा मुलगा अशीच हाक मारतो.

गलवानचा प्रश्न तुम्ही रागाने विचारलात आणि तो राग योग्य आहे. जून २०२० मध्ये आपले वीस जवान गेले. जुलै २०२५ मध्ये भारताने चिनी नागरिकांना पर्यटक व्हिसा देणं पुन्हा सुरू केलं, ऑक्टोबरात कोलकाता–ग्वांगचौ थेट विमान सुरू झालं, पण सरकारने दार उघडलं म्हणून माझा प्रश्न मिटला असं मी म्हणणार नाही. मी बरेच दिवस तिकीट काढलं नव्हतं. शेवटी काढलं, कारण ज्या देशाशी आपलं भांडण आहे त्या देशातली माणसं मला फक्त बातम्यांतून माहीत असावीत हे मला सहन होईना. तिथे एका निवृत्त शिक्षकाच्या अंगणात आम्ही पाणी प्यायला थांबलो. भारतातून आलो हे कळल्यावर त्यांनी बोटाने टेबलावरच्या पाण्यात तीन अक्षरं काढली आणि म्हणाले, ‘के दी-ह्वा.’ डॉ. द्वारकानाथ कोटणीसांचं ते चिनी नाव. जपानशी लढणाऱ्या चिनी जखमींवर उपचार करायला १९३८ मध्ये भारतातून गेलेल्या पाच डॉक्टरांपैकी ते एक, १९४२ मध्ये तिथेच वारले. मी गाईडकरवी सांगितलं, त्यांचं सोलापूर माझ्या घरापासून चार-पाच तासांवर आहे. त्या गृहस्थांनी उठून माझा हात दोन्ही हातांत धरला. त्या अंगणात बसण्याला मी देशाशी बेइमानी म्हणणार नाही. तुम्हाला तसं वाटत असेल तर आपलं तिथे एकमत होणार नाही, आणि त्याला माझी हरकत नाही.

तुम्हाला कधी जावंसं वाटलं तर एकटे जाऊ नका असं मी म्हणत नाही. यांगश्वो गावात सायकली भाड्याने मिळतात, ग्वांगचौहून आगगाडी अडीच तासांत आणून सोडते. पण एक-दोन दिवस तरी तिथल्याच कुणाला बरोबर घ्या. आणि बाजाराचा दिवस साधा: तिथे आठवडी बाजार नसतो, तारखेच्या शेवटच्या आकड्यावर बाजार भरतो. कुठे १-४-७, कुठे २-५-८, कुठे ३-६-९; फूली गावचा २-५-८. कागदी पंखे रंगवणारी माणसं तिथेच बसलेली सापडतात.

शेवटचं, खास तुमच्यासाठी. गाईडच्या घरी भिंतीला तिच्या आजीची सायकल टांगलेली आहे, शांघायची फिनिक्स. लग्नात नवऱ्या मुलाने सायकल, घड्याळ, शिवणयंत्र आणि रेडिओ आणायचा, अशी त्या काळी तिथली अपेक्षा असे, आणि आजीच्या वाट्याला त्यातली सायकल तेवढी आली. तिला वायरचे ब्रेक नाहीत, सळईचे आहेत, अगदी माझ्या वडिलांच्या ॲटलसला होते तसे. मी ब्रेक दाबून पाहिला, रबरं झिजलेली होती पण सळई अजून ओढत होती. त्या सायकलीचा फोटो लेखात टाकायचा राहिला होता. आता टाकला आहे, हँडलखालचा बिल्ला नीट दिसेल असा.